टेबलाजवळ बसा : खान्देशात राहून बास्केटबॉलचा बातमीदार कसं व्हायचं

महिन्याला दोन-तीन तरी पोरं 'सर, जरा नजर टाका' म्हणून बातमी पाठवतात. कोणी जळगावचा, कोणी शिरपूरची, एखादा शहाद्याचा. बातमी साधारण अशी असते : स्पर्धेचं उद्घाटन अमुक यांच्या हस्ते झालं, दीपप्रज्वलन झालं, व्यासपीठावर अकरा मान्यवर होते, सूत्रसंचालन तमुक सरांनी केलं, आभार कोणी मानले तेही आहे. आणि अगदी तळाला, 'मुलींच्या गटात भुसावळच्या संघाने बाजी मारली.' कोणाविरुद्ध? किती गुणांनी? सामना फिरला कुठे? काही नाही. पोरी उन्हात जीव तोडून धावल्या आणि त्यांच्या वाट्याला एक ओळ आली.

दुसरा नमुना याच्या बरोबर उलटा. पोरगं पहाटे उठून एनबीए, म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक बास्केटबॉल लीग बघतं, जॉर्डन मोठा की लेब्रॉन यावर दोन हजार शब्द लिहितं, पण आपल्याच तालुक्यात बास्केटबॉलचं मैदान कुठे आहे विचारलं की गप्प.

दोघांनाही बातमीदार व्हायचंय आणि दोघांचाही क्रम चुकलाय. खालचा क्रम मी बहुतेक ठिकाणी आधी चुकून मग शिकलोय. पायऱ्या गाळू नका.

## टप्पा १ : स्पर्धा कुठल्या जिन्यावरची आहे ते ओळखा

आपल्याकडे बास्केटबॉलच्या स्पर्धा तीन वेगवेगळ्या जिन्यांनी वर जातात. निम्म्या चुका इथेच होतात.

पहिला जिना शालेय. तो क्रीडा व युवक सेवा संचालनालयाचा, जिल्ह्यात जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालय बघतं. गट १४, १७ आणि १९ वर्षांखालील, मुलं-मुली वेगळे. जिल्हा, मग विभाग, मग राज्य, मग राष्ट्रीय शालेय. जळगाव, धुळे, नंदुरबार हे तिन्ही जिल्हे नाशिक विभागात येतात. कबड्डी-खो-खोला असते तशी तालुका फेरी बास्केटबॉलला बऱ्याचदा नसते, कारण संघच तेवढे नसतात. आणि महापालिका क्षेत्राची स्पर्धा जिल्ह्यापासून वेगळी धरतात. म्हणजे जळगाव महापालिका क्षेत्रातली विजेती शाळा 'जळगाव जिल्हा विजेती' होत नाही. ही चूक छापून आली की चाळीसगाव-अमळनेरकडून फोन येतात, आणि ते बरोबर असतात.

दुसरा जिना संघटनेचा : जिल्हा संघटना, राज्य संघटना, वर भारतीय बास्केटबॉल महासंघ. इथले वयोगट वेगळे, निवड चाचण्या वेगळ्या, प्रमाणपत्रही वेगळं.

तिसरा विद्यापीठाचा : आंतरमहाविद्यालयीन सामने, त्यातून कवयित्री बहिणाबाई चौधरी उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाचा संघ, मग पश्चिम विभाग आंतरविद्यापीठ स्पर्धा.

सावधान : विभाग जिंकलेला शाळेचा संघ राज्य स्पर्धेला जातो तो नाशिक विभागाचा प्रतिनिधी म्हणून. तो 'महाराष्ट्राचा संघ' नव्हे. महाराष्ट्राचा शालेय संघ राज्य स्पर्धेनंतर निवडतात. 'राज्य संघात निवड' हे तीन शब्द लिहिण्याआधी निवडपत्र डोळ्यांनी बघा. सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, त्यामुळे कोण कुठल्या पातळीवर खेळलं याला घरोघरी किंमत आहे. ढिसाळ बातमीवरून गैरसमज होतात, भांडणंही होतात.

## टप्पा २ : नियम शिका, पण आपल्या मैदानावरचे

टीव्हीवर एनबीए बघून नियम शिकलेल्यांची इथे फसगत होते. आपल्याकडचे सामने फिबाच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या नियमांनी खेळतात. सामन्याचे चार भाग, त्यांना क्वार्टर म्हणतात; एक क्वार्टर १० मिनिटांचा, एनबीएत १२ चा. खेळाडू पाचव्या फाऊलला (नियमभंगाला) बाहेर, एनबीएत सहाव्याला. तीन गुणांची रेषा ६.७५ मीटरवर, एनबीएत समोरून ७.२४ मीटर. बरोबरी झाली तर ५ मिनिटांचा जादा वेळ.

बातमीदाराला सगळ्यात उपयोगी पडणारा नियम सांघिक फाऊलचा. एका क्वार्टरमध्ये संघाचे चार फाऊल झाले की पाचव्यापासून समोरच्याला दोन फ्री थ्रो (कोणी न अडवता रिंगवर मारायची संधी, प्रत्येकी एक गुण). मात्र फाऊल करणाऱ्या संघाच्याच ताब्यात चेंडू असेल तर ते मिळत नाहीत. शालेय सामने या एका नियमावर उलटतात. प्रेक्षक 'पंच विकला गेला' म्हणून ओरडत असतात, आणि खरं कारण गुण नोंदवणाऱ्यांच्या टेबलावरच्या कागदात असतं.

चेंडू ताब्यात आल्यावर २४ सेकंदांत फटका मारायचा, ते मोजणाऱ्या घड्याळाबद्दल लिहायची घाई नको. ते आपल्या कित्येक मैदानांवर नसतंच. खालच्या फेऱ्यांत वेळही कमी करतात, कधी चेंडू बाहेर गेला तरी घड्याळ थांबवत नाहीत. सामन्याआधी टेबलावर विचारा : किती मिनिटांचा क्वार्टर, घड्याळ थांबणार की चालू राहणार?

३×३ बास्केटबॉल हा वेगळा खेळ समजा. एकच रिंग, १० मिनिटं किंवा २१ गुण, जे आधी होईल ते. आतून मारलं तर १, कमानीबाहेरून २. तिथे 'तीन गुणांचा फटका' लिहिलात तर वाचणाऱ्याला कळतं की तुम्ही मैदानावर गेलाच नव्हता.

तपासा : बास्केटबॉलमध्ये 'गोल' होत नाहीत आणि 'सेट' जिंकत नाहीत. हसू नका, दोन्ही मी छापून आलेलं वाचलंय.

## टप्पा ३ : आदल्या दिवशीची तयारी

तयारीचा अर्धा भाग पिशवीत असतो. आखीव वही, दोन पेनं आणि एक शिसपेन्सिल. पेन्सिल यासाठी की घामाने ओल्या झालेल्या कागदावर बॉलपेन उठत नाही, आणि आपल्याकडे ऑक्टोबरातही अकरा वाजता वही हाताला चिकटते. पॉवर बँक, टोपी, पाणी. फोन उन्हात ठेवू नका. सिमेंटच्या कोर्टवर तो इतका तापतो की ऐन शेवटच्या क्वार्टरला कॅमेरा बंद पडतो.

उरलेला अर्धा भाग फोनवर करायचा. क्रीडा शिक्षकांना आदल्या दिवशी दुपारी फोन करा, रात्री नको. तीन गोष्टी विचारा : सामने किती वाजता आणि कुठल्या मैदानावर, गेल्या वर्षीचा विजेता कोण, यंदा कोण खेळाडू नाही आणि का नाही. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर बहुतेकदा बातमी असते. कोणाचा घोटा मुरगळलेला असतो, कोण बारावी आहे म्हणून घरच्यांनी थांबवलेलं असतं, कोणाचं वय गटात बसलेलं नसतं.

परतीची सोयही आदल्या दिवशीच बघा. अंतिम सामना लांबतो आणि शेवटची एसटी लांबत नाही. धडगाव-अक्कलकुव्याकडे गेलात तर रेंज मिळेलच असं नाही, तेव्हा डेस्कला (ऑफिसात पानं लावणाऱ्यांना) आधीच सांगून ठेवा की आकडे फोनवर बोलून देईन किंवा शहाद्याला उतरल्यावर पाठवीन.

ऑफिसला एक गोष्ट विचारून घ्या : मजकूर युनिकोडमध्ये हवा की त्यांच्या जुन्या फॉन्टमध्ये, आणि किती शब्द. पहिल्याच बातमीला चौकोनी डबे दिसले की पुढची उघडून बघायचा उपसंपादकाला कंटाळा येतो.

## टप्पा ४ : पहिला अर्धा तास नावांसाठी

सामन्याआधी अर्धा तास पोहोचा आणि सरळ टेबलाकडे जा. व्यासपीठाकडे नंतर. टेबलावर स्कोअरर, टायमर बसतात. त्यांना नमस्कार करा, स्वतःचं नाव आणि पेपरचं नाव सांगा, आणि मागे खुर्ची टाकू का विचारा. मध्ये मध्ये करणार नाही हेही सांगा, आणि खरंच करू नका.

मग दोन्ही संघांची यादी उतरवून घ्या : जर्सी क्रमांक, पूर्ण नाव, शाळा. पूर्ण नाव म्हणजे स्वतःचं, वडिलांचं आणि आडनाव. खान्देशात हा हट्ट धरावाच लागतो, कारण बारा जणींच्या संघात चार पाटील, दोन चौधरी आणि दोन महाजन सहज निघतात.

सुरुवातीच्या वर्षांतली माझी चूक सांगतो. एका संघात चार पाटील होत्या. सर्वाधिक गुण ९ नंबरच्या पोरीने केले होते. मी घाईत यादी न बघता दुसऱ्या पाटीलचं नाव दिलं. दुसऱ्या दिवशी ९ नंबरच्या पोरीचे वडील कात्रण घेऊन ऑफिसात आले. दुधाची किटली हातात, बहुतेक रतीब घालून तसेच आले होते. आवाज चढवला नाही. कात्रण टेबलावर ठेवलं, नावावर बोट ठेवलं आणि म्हणाले, 'हाई नाव मन्ही पोरनं नई शे, भो.' पुढच्या दिवशी खुलासा छापला, चार ओळींचा, आतल्या पानावर. त्यांनी ते कात्रणही नेलं असेल, पण कोणाला दाखवलं असेल असं वाटत नाही.

तेव्हापासून यादी उतरवली की मी ती प्रशिक्षकांना वाचून दाखवतो. सगळी, मोठ्याने. ऱ्हस्व-दीर्घ विचारतो. 'नीलिमा' की 'निलिमा' हे पोरीलाच विचारा, सरांनाही नेहमी माहीत नसतं.

सावधान : मध्यंतरात पोरं जर्सी बदलतात. शाळेकडे जर्सींचे दोनच संच असतात, फाटली की दुसऱ्याची घालतात. अधिकृतपणे क्रमांक बदलला असेल तर टेबलावर नोंद होते. तिसरा क्वार्टर सुरू होताना यादीवरून पुन्हा नजर फिरवा.

## टप्पा ५ : सामना चालू असताना वही

इथे सगळ्यात जास्त वेळ घालवा. हे जमलं नाही तर पुढचं काही जमत नाही.

माझी पद्धत अशी. डावं पान एका संघाचं, उजवं दुसऱ्याचं. प्रत्येक जर्सी क्रमांकाला एक ओळ. दोन गुण झाले की त्या ओळीत '२', तीन झाले की '३'. फ्री थ्रो गेला तर भरीव टिंब, हुकला तर पोकळ गोल. फाऊल ओळीच्या शेवटी उभ्या रेघांनी. एखाद्या ओळीत पाच '२', एक '३' आणि तीन टिंबं असतील तर १० अधिक ३ अधिक ३, म्हणजे १६ गुण. सामना संपताना बेरीज समोर तयार असते.

वहीच्या मागच्या पानावर सामन्याचा ओघ. इथे फक्त वळणं लिहायची : बरोबरी झाली, आघाडी फिरली, प्रमुख खेळाडू चौथ्या फाऊलला बसली, टाइमआउट घेतला. प्रत्येक नोंदीला क्वार्टर, घड्याळ, गुण. उदाहरणार्थ, 'क्वा. ४, ५:१२, ३१–३१'.

आणि इथेच नवखे हमखास चुकतात. बास्केटबॉलचं घड्याळ उलटं चालतं. ५:१२ म्हणजे पाचवं मिनिट नव्हे, सामन्याची पाच मिनिटं बारा सेकंद शिल्लक आहेत. वहीत घड्याळावरचाच आकडा लिहा आणि बातमीत 'पाच मिनिटं शिल्लक असताना' असं म्हणा. मनातल्या मनात वजाबाकी करायला गेलात की तेवढ्यात एक बास्केट हुकतं.

असिस्ट (बास्केटला दिलेला पास), स्टील (हिसकावलेला चेंडू), ब्लॉक (अडवलेला फटका) मोजायचा मोह पहिल्या वर्षी टाळा. एकट्याने ते जमत नाही. रिबाउंडसुद्धा (हुकलेल्या फटक्यानंतर पकडलेले चेंडू) प्रत्येक संघाच्या एकाच खेळाडूचे मोजा, जी उंच आहे तिचे. अर्धवट मोजलेला आकडा छापण्यापेक्षा न छापलेला बरा.

कागदाशी झटापट करताना खेळ बघायला विसरू नका, असं लोक सांगतात. मी उलटं सांगतो. पहिले दहा सामने कागदच बघा. हात बसला की डोळे आपोआप वर उचलले जातात.

तपासा, दर क्वार्टरला : तुमची बेरीज आणि टेबलाची बेरीज जुळते का? जुळत नसेल तर त्या दोन मिनिटांच्या विश्रांतीतच विचारा. सामना संपल्यावर पहिल्या क्वार्टरमधला हरवलेला एक गुण कोणालाच सापडत नाही.

## टप्पा ६ : हूटरनंतरची वीस मिनिटं

क्रम असा ठेवा : आधी स्कोअरशीट, मग प्रशिक्षक, मग खेळाडू, मग फोटो, आणि सगळ्यात शेवटी पाहुणे.

स्कोअरशीट आधी का, तर पंचांनी सही केलेला तो कागद हाच अधिकृत निकाल. पलटायच्या आकड्यांचा स्कोअरबोर्ड अधिकृत नसतो. तो आठवीतला एखादा मुलगा पलटत असतो आणि त्याचं अर्ध लक्ष वडापावकडे असतं. बोर्डवरचा आकडा छापून मी एकदा तोंडघशी पडलोय, कागदावर एक गुण जास्त होता. परवानगी मागून शीटचा फोटो काढा. वाचायला सोपी असते : मधल्या धावत्या गुणांत तिरकी रेघ म्हणजे मैदानी बास्केट, भरीव टिंब म्हणजे फ्री थ्रो, आणि खेळाडूच्या क्रमांकाभोवती गोल म्हणजे तीन गुण. कागदावर लाल आणि निळी अशी दोन रंगांची शाई दिसली तर गोंधळू नका, क्वार्टर वेगळे कळावेत म्हणून पेन बदलतात.

प्रशिक्षकाला 'कसं वाटतंय?' विचारू नका. 'आनंद वाटतोय' याशिवाय उत्तर येत नाही. वहीतलं वळण दाखवून विचारा : 'सर, सहा मिनिटं शिल्लक असताना तुम्ही टाइमआउट घेतला. काय सांगितलं?' मग ते मोकळे होतात. हरलेल्या संघाच्या प्रशिक्षकाशीही बोला. बहुतेक जण टाळतात, आणि सामन्याचं खरं विश्लेषण तिथेच मिळतं.

बोलणं अहिराणीत, लेवा बोलीत होईल. होऊ द्या. 'पोरी दमी गयात' हे तसंच छापलं तरी खान्देशात सगळ्यांना कळतं. डेस्कला चालत नसेल तर प्रमाण मराठीत आणा, पण अवतरणचिन्हं काढून तुमच्या वाक्यात सांगा. जे शब्द ते बोललेच नाहीत ते त्यांच्या तोंडी घालू नका. 'मुलींची शारीरिक क्षमता अपुरी ठरली' असं आपले पीटीचे सर बोलत नाहीत.

सावधान : खेळाडू बहुतेक अल्पवयीन असतात. बोलताना प्रशिक्षक किंवा पालक जवळ असू द्या. पोरींचे नंबर घेऊ नका, सरांचा घ्या. लैंगिक छळाची तक्रार कानावर आली तर पोक्सो (बालकांचं लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण करणाऱ्या) कायद्याच्या कलम २३ नुसार मुलाची ओळख उघड होईल असं काहीही छापता येत नाही : नाव, फोटो, शाळा, गल्ली, काहीही. अशी गोष्ट एकट्याने हाताळू नका, त्याच दिवशी संपादकांना सांगा.

## टप्पा ७ : लिहिणं

एक कल्पित सामना घेऊ. १७ वर्षांखालील मुली, जिल्हा अंतिम सामना. क्वार्टरनिहाय गुण : ८–१२, ९–१०, १०–९, १४–७. एकूण ४१–३८.

नेहमी येणारी सुरुवात : 'जिल्हा क्रीडा संकुलात मोठ्या उत्साहात पार पडलेल्या स्पर्धेत अ संघाने चमकदार कामगिरी करत दणदणीत विजय संपादन केला.' तीन गुणांचा विजय दणदणीत कसा? आणि उत्साह कोणी मोजला?

आता वही उघडा. मध्यंतराला अ संघ १७–२२ मागे. तिसऱ्या क्वार्टरअखेर २७–३१. मग शेवटच्या क्वार्टरमध्ये १४ विरुद्ध ७. बातमी तिथे आहे.

'तिसऱ्या क्वार्टरअखेर चार गुणांनी मागे असलेल्या अ संघाने शेवटच्या दहा मिनिटांत प्रतिस्पर्ध्यांना सात गुणांवर रोखत १७ वर्षांखालील मुलींच्या जिल्हा अंतिम सामन्यात ब संघावर ४१–३८ असा विजय मिळवला.'

दुसऱ्या परिच्छेदात कारण. 'ब संघाचा पाचवा सांघिक फाऊल सहा मिनिटं शिल्लक असतानाच झाला. तिथून अ संघाने लांबून मारणं सोडलं आणि रिंगकडे घुसायला सुरुवात केली. या क्वार्टरमधल्या १४ पैकी ७ गुण फ्री थ्रोवर आले.' तिसऱ्यात खेळाडू आणि गुण, चौथ्यात प्रशिक्षक, पाचव्यात पुढचा सामना कधी आणि कुठे. शेवटी उपांत्य सामन्यांचे निकाल, विजेत्याचे गुण आधी. त्याच्याही खाली बक्षीस कोणाच्या हस्ते ते एका वाक्यात. पाहुण्यांना पूर्ण गाळू नका, मैदान तेच देतात. पण वर चढवू नका.

'पाणी पाजलं', 'धूळ चारली', 'लोळवलं' हे शब्द चौदा वर्षांच्या पोरांच्या सामन्याला वापरू नका. माझं वैयक्तिक मत म्हणाल तर कुठल्याच सामन्याला वापरू नका. टक्केवारीही जपून. दोनपैकी दोन फ्री थ्रो गेले म्हणून 'शंभर टक्के अचूकता' लिहिणं म्हणजे वाचकाला फसवणं.

## टप्पा ८ : पाठवण्याआधीची पाच मिनिटं

क्वार्टरच्या गुणांची बेरीज करा. खेळाडूंच्या गुणांची बेरीज संघाच्या गुणांपेक्षा जास्त होत नाही ना बघा. नावं पुन्हा यादीवरून तपासा, आठवणीवरून नव्हे. वयोगट, मुलं की मुली, जिना कोणता.

फोटोची ओळ डावीकडून उजवीकडे. चालू खेळाचा फोटो असेल तर जर्सी क्रमांक दिसणारा निवडा, म्हणजे नाव चुकत नाही.

मग पाठवा, आणि फोन करून 'मिळाली का?' एवढंच विचारा. कुठल्या पानावर लागणार हे विचारू नका.

## टप्पा ९ : स्पर्धा नसते तेव्हा

शालेय मोसम संपला की बहुतेक वार्ताहर क्रिकेटकडे वळतात. बास्केटबॉलच्या चांगल्या बातम्या मात्र याच काळात मिळतात, कारण मैदानं रिकामी असतात आणि माणसं बोलायला मोकळी.

एक मोजपट्टी विकत घ्या. रिंगची उंची जमिनीपासून ३.०५ मीटर हवी, म्हणजे १० फूट. कोर्ट २८ बाय १५ मीटर. आपल्या तालुक्यातलं मैदान मोजून बघा. पावसात फुगलेला प्लायवूडचा बोर्ड, वाकलेली रिंग, खांबाला कपडे वाळत घालायची दोरी, हे सगळं बातमीत येऊ शकतं, पण आकड्यांसकट. 'मैदानाची दुरवस्था' हे शीर्षक सगळेच देतात. 'रिंग चार इंच खाली' असं मोजून दिलं तर ऑफिसला उत्तर द्यावंच लागतं. खर्चाची माहिती हवी असेल तर माहिती अधिकारात अर्ज करा, शुल्क १० रुपये, साधारण मुदत ३० दिवस. प्रश्न नेमका विचारा : कुठल्या वर्षी, कुठल्या कामासाठी, किती रक्कम मंजूर आणि किती खर्च.

वयचोरीची कुजबुज प्रत्येक मोसमात असते. ऐकून लिहू नका. जन्मदाखला आणि शाळेचं रजिस्टर यातला फरक कागदावर दाखवता येत असेल, संबंधितांची बाजू घेतली असेल, तरच. बदनामीचा गुन्हा आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये आहे, आणि तारखांना तुम्हालाच जावं लागतं, कुजबुज करणाऱ्याला नाही.

## टप्पा १० : एनबीएच्या बातम्या जळगावातून

हा टप्पा दहावा ठेवलाय, पहिला नाही.

अमेरिकेतला संध्याकाळी सातचा सामना हिवाळ्यात आपल्याकडे दुसऱ्या दिवशी पहाटे साडेपाचला सुरू होतो, त्यांची घड्याळं उन्हाळ्यात पुढे सरकली की साडेचारला. तोवर आपला छापील पेपर एसटीत चढलेला असतो. म्हणून छापील पेपरासाठी निकालाचं नाही, दुसऱ्या दिवशीही वाचावं असं काही लिहा, आणि वेबसाइटसाठी सकाळी लगेच. तारखेची गफलत सांभाळा : त्यांचा शनिवार रात्रीचा सामना आपला रविवार सकाळचा.

खेळाडूंच्या अदलाबदलीच्या बातम्या उचलताना सोशल मीडियावरचं खातं तपासा. नामांकित बातमीदारांच्या नावांशी मिळतीजुळती खोटी खाती ढिगाने आहेत. २ फेब्रुवारी २०२५ ला, आपल्याकडच्या रविवारी सकाळी, डॅलसचा खेळाडू लुका डॉन्चिच लेकर्स संघाकडे गेल्याची बातमी एनबीएचा बातमीदार शॅम्स शरानियाने दिली तेव्हा उलटंच झालं. बातमी खरी होती, पण लोकांना वाटलं त्याचं खातंच कोणी तरी चोरलंय. त्याला पुन्हा लिहून सांगावं लागलं की हे खरं आहे. हाच शरानिया १९ वर्षांचा असताना, जानेवारी २०१४ मध्ये, खेळाडू लुओल डेंग क्लीव्हलँडच्या संघाकडे जाणार ही बातमी त्याने सगळ्यांच्या आधी दिली होती. एड्रियन वोज्नारोव्स्की त्याच्या आधीचा मोठा बातमीदार. सप्टेंबर २०२४ मध्ये पत्रकारिता सोडून तो आपल्या जुन्या विद्यापीठाच्या संघाचा जनरल मॅनेजर झाला. दोघांची ताकद एकच होती, वर्षानुवर्षं जपलेले फोन नंबर. आपल्याकडे एजंट नसतात, पीटीचे सर असतात, एवढाच फरक.

तपासा : 'एनबीएत खेळलेला पहिला भारतीय सतनाम सिंग' हे वाक्य सर्रास दिसतं आणि ते चूक आहे. सतनाम सिंग भामरा २०१५ च्या ड्राफ्टमध्ये (एनबीए संघ नवे खेळाडू निवडतात त्या निवडीत) डॅलस मॅव्हरिक्सने ५२ व्या क्रमांकावर निवडलेला, भारतात जन्मलेला पहिला खेळाडू. एनबीएच्या सामन्यात तो उतरला नाही. उतरला तो सिम भुल्लर, २०१५ मध्येच, सॅक्रामेंटो किंग्जकडून. तो भारतीय वंशाचा, पण जन्म कॅनडातला.

## टप्पा ११ : पैसे आणि पुढची वाट

नुसत्या बास्केटबॉलवर खान्देशात घर चालत नाही. तालुका वार्ताहराला मानधन तुटपुंजं असतं, बऱ्याच ठिकाणी वर दिवाळी आणि १५ ऑगस्टच्या जाहिरातींचं टार्गेट. जाहिराती गोळा करणारा आणि बातमी देणारा एकच माणूस असला की कुठल्या संस्थाचालकाविरुद्ध लिहायचं हे आपोआप ठरून जातं. कामाला लागतानाच विचारा : मानधन महिन्याला की बातमीमागे, प्रवासखर्च मिळतो का, जाहिरातींचं बंधन आहे का. लाज वाटून न घेता.

पहिली दोन वर्षं कबड्डी, खो-खो, कुस्ती, क्रिकेट सगळं करा. पत्रकारितेची पदवी असेल तर उत्तम, पण मुलाखतीत ती बघतात त्याहून जास्त तुमची कात्रणं बघतात. सरकारी अधिस्वीकृती पत्रिकेच्या (सरकार पत्रकारांना देतं त्या ओळखपत्राच्या) मागे सुरुवातीला लागू नका. शालेय सामन्याला ती कोणी विचारत नाही, आणि मोठ्या स्पर्धेला आयोजक स्वतःचा पास देतात, त्याचा अर्ज मुदतीत भरला म्हणजे झालं.

इंग्रजी वाचता आलंच पाहिजे, कारण नियमपुस्तक, महासंघाची पत्रकं सगळं त्यात आहे. पुण्या-मुंबईच्या क्रीडा वेबसाइटला लिहायचं असेल तर इंग्रजीत किंवा हिंदीत एक बातमी नीट जमू द्या. विद्यापीठ स्पर्धांचे लाइव्ह गुण देणं, संघांसाठी आकडेवारी ठेवणं, यूट्यूबवर मराठी समालोचन करणं, या कामांना पाचव्या टप्प्यातली वहीच उपयोगी पडते. एक बंधन मात्र पाळा : ज्या संघाचे पैसे घेऊन आकडे ठेवता त्याची बातमी तुम्ही लिहू नका.

काम मागताना तीनच बातम्या पाठवा. एक सामन्याची, एक मैदानाची किंवा निधीची, एक माणसाची. सोबत चार ओळी : तुम्ही कुठे राहता, कुठल्या तालुक्यांत दोन तासांत पोहोचू शकता, स्कोअरशीट वाचता येते का. मेलला उत्तर आलं नाही तर आठ दिवसांनी फोन करा. दुपारी तीन-चारच्या सुमारास करा, संध्याकाळी सहानंतर नको. तेव्हा डेस्कवर पानं लागत असतात.